चौथं ताट

६ फेब्रुवारी

छोट्या,

तू माझा फोन उचलत नाहीस. काल भावजयीच्या फोनवर लावला तर ती म्हणाली, "ते बाहेर गेलेत, ताई." आणि तिच्या मागून तू स्वतः ओरडलास, "माझा टॉवेल कुणी उचलला?" बाहेर गेलेल्या माणसाचा आवाज इतका खणखणीत येतो, हे मला नव्यानेच कळलं. म्हणून आता कागद. कागद फाडता येतो, पण त्यासाठी आधी हातात घ्यावा लागतो, आणि हातात घेतलास की दोन ओळी तरी वाचशीलच. लहानपणापासून तुला पुडीचा कागदसुद्धा वाचल्याशिवाय टाकवत नाही.

तब्येत कशी आहे? निलंबित जावयाचा सासुरवाडीला मान कमी झाला की वाढला? हे लिहायला नको होतं. पण खोडत नाही. खोडलं तर तू ते उजेडात धरून वाचशील आणि मग जास्त लागेल.

माझं बरं चाललंय. जन्मभर शाळेच्या मैदानावर शिट्टी फुंकून पोरांना पळवलं. आता घरात मला "जरा बस" म्हणायलाही कुणी नाही, म्हणून मी उभीच असते. कपडे वाळत घालते, वाळायच्या आत हात लावून बघते. पोलीस ठाण्यांच्या फेऱ्या मात्र चालू आहेत. माझे जोडीदार तेच, कोपऱ्यावरचे चष्मेवाले. जगाला चष्मे देतात, पण स्वतःचा कपाळावर ठेवून दुकानभर शोधत असतात. ते मला तुझ्याबद्दल काही विचारत नाहीत. त्यांचं हे न विचारणं मला जड जातं.

बाकीचे लोक न विचारता बोलतात. काल वाण्याच्या दुकानात एक बाई म्हणाली, "सख्ख्या भावाच्या नोकरीवर उठली." लगेच दुसरी म्हणाली, "अगं, हिनेच त्याला आधी कळवलं असणार. नाहीतर पोराला लपवायला वेळ कसा मिळाला?" आता एकाच बाईने भावाला बुडवलं पण आणि वाचवलं पण, हे कसं जमलं ते त्यांनीच आपसात ठरवावं. मी डाळ घेतली आणि घरी आले. मीठ राहिलं.

नागरिक भेटकरी म्हणून मी नाव दिलं, तेव्हा तू पोट धरून हसला होतास. "ताई, कोठडीत जाऊन तू करणार काय? कैद्यांकडून उठाबशा काढून घेणार?" मी तुला सगळी योजना समजावली आणि तू मधेच जांभई दिलीस, म्हणून परत सांगते. दोन साध्या माणसांनी मिळून, न कळवता, वाटेल तेव्हा ठाण्यात जायचं. घंटी वाजवली की दार लगेच उघडलं पाहिजे. कोठडीतल्या माणसाला विचारायचं: खायला-प्यायला मिळालं का, घरी कळवलं का, कुठे दुखतंय का. त्याने काय केलं, याबद्दल चकार शब्द काढायचा नाही. जे दिसलं ते लिहायचं, आणि तो कागद त्याच दिवशी ठाण्याबाहेरच्या काचेच्या फळ्यावर लागतो. येणाऱ्या-जाणाऱ्या कुणीही वाचावा.

हसून झाल्यावर तू जरा जवळ सरकलास आणि म्हणालास, "एक कर. निघण्याआधी मला नुसता मिस्ड कॉल देत जा. बोलायची गरज नाही. मी त्या त्या ठाण्यात सांगेन, पोरांना आवरायला पाच मिनिटं मिळतील."

"आवरायला म्हणजे काय रे?"

"तेच गं. पाहुणे येणार म्हटल्यावर आपण नाही का घर आवरत?"

मी मिस्ड कॉल दिला नाही. कधीच दिला नाही. त्या दिवशीही दिला नाही. त्या ठाण्याचा साहेब रजेवर गेलाय आणि त्याच्या खुर्चीत आठवडाभरासाठी तुला बसवलंय, हे मला कुठून कळणार? नंतर पायरीवर तू मला शेवटचं जे बोललास, ते मी रोज भांडी घासताना ऐकते. "मिस्ड कॉल दिला असतास, तर तुला कळलं असतं की आत मी आहे."

बरोबर आहे तुझं. कळलं असतं. मग नात्यातलं माणूस असेल तिथे जायचं नाही या नियमाप्रमाणे माझ्याऐवजी दुसरं कुणीतरी गेलं असतं, आणि आज तू माझा फोन उचलला असतास.

तुझी
ताई


१९ फेब्रुवारी

छोट्या,

साक्षीची नोटीस आली. सुनावणी पुढच्या महिन्यात आहे. ती उघड्या दाराने होणार आहे, तुलाही कळलंच असेल. आजवर तुमच्या खात्याच्या चौकशा बंद खोलीत व्हायच्या आणि निकाल आतल्या आत जिरायचा. या वेळी कुणीही येऊन बसू शकतं. चौकशी करणाऱ्या बाई निवृत्त न्यायाधीश आहेत आणि त्यांना म्हणे पंख्याचा आवाजसुद्धा खपत नाही.

चष्मेवाले म्हणाले, "तुम्ही साक्षीदार, ते चौकशीतले अधिकारी. पत्र लिहू नका." मी म्हटलं, "मी त्याची बहीण आधी आहे." ते म्हणाले, "तेच तर." त्यांच्याशी वाद घालता येत नाही. माणूस दोन शब्दांत गप्प बसवतो.

तरी लिहिते. कुणी मागितलं तर हे पत्र मी दाखवीन, लपवण्यासारखं यात काही नाही. लपवण्यासारखं जे आहे ते माझ्या पोटात आहे आणि तेच तुला सांगायला बसले आहे.

त्या दुपारी घंटी वाजवल्यावर आम्ही बराच वेळ बाहेर उभे होतो. आतून खुर्च्या सरकल्या, कुणीतरी "अरे, उचल उचल" म्हणालं. दार मिशीने उघडलं. तुमचे ते मोठे हवालदार, मिशीला पीळ दिल्याशिवाय ज्यांना वाक्य सुरू करता येत नाही ते. आत आले, तर टेबलामागे तू. क्षणभर मला आनंदच झाला रे, वेड्यासारखा. कितीतरी दिवसांनी तुला वर्दीत बघत होते. तुझ्या तोंडचं पाणी पळालं होतं ते मला नंतर दिसलं.

नियमाप्रमाणे मी तिथूनच परत फिरायला हवं होतं. पण चष्मेवाले म्हणाले, "आता आलोच आहोत, तर बघू आणि नातं लिहू." ते आम्ही लिहिलं, अगदी पहिल्या ओळीत. कोठडीत तीन माणसं होती. तिघांनाही विचारलं, तिघंही ठीक होते. बाहेर पडताना मोरीपाशी जेवणाची ताटं दिसली. चार. मी विचारलं, "चौथं ताट कुणाचं?"

मिशी काही बोलणार तेवढ्यात तू म्हणालास, "माझं."

छोट्या, आई दवाखान्यात पाळीवर जायची आणि तुला भरवायचं काम माझ्याकडे होतं. तुझ्या तोंडात घास कोंबून कोंबून माझे हात दुखायचे. तू वाटाणे खात नाहीस. खायचे नसतात म्हणून टाकतही नाहीस, एकेक वेचून ताटाच्या कडेला रांगेत लावतोस, परेडला उभे केल्यासारखे. तुझ्या लग्नात सुद्धा लावले होतेस आणि भावजयीचे वडील बघत राहिले होते. त्या दिवशी भाजी वाटाण्याची होती. तीन ताटांत थोडंथोडं उरलं होतं. चौथं ताट मात्र चाटूनपुसून साफ होतं. फार भुकेल्या माणसाने जेवलेलं.

मी तुझ्याकडे बघितलं. तू माझ्याकडे बघितलं नाहीस.

मग चष्मेवाले पाणी प्यायच्या निमित्ताने मागे गेले आणि अडगळीच्या खोलीची कडी काढली. आत जुन्या फायली, मोडक्या सायकली आणि तो पार्सलवाला पोरगा. मी त्याला "उठ" म्हटलं, तर तो पायांच्या तळव्यांच्या कडांवर उभा राहिला. मैदानावर इतकी पोरं पडताना बघितली, पण पडल्याने असं कुणी उभं राहत नाही.

पुढचं जग जाणतं. मिशीने सांगितलं, "मी आदल्या संध्याकाळी चौकशी केली, मीच खोलीत हलवलं, साहेबांना पत्ता नव्हता." तू पण लिहून दिलंस, की मला पत्ता नव्हता. आणि तू मारलं नाहीस हे मला माहीत आहे. तुला झुरळ मारता येत नाही. पण पत्ता होता. पत्ता नसता, तर तू "माझं" म्हणाला नसतास.

अहवालात ताटांबद्दल मी एवढंच लिहिलं: कोठडीत तीन माणसं, बाहेर चार ताटं, चौथं आपलं असल्याचं साहेबांनी सांगितलं. वाटाण्यांचं लिहिलं नाही. कुणाला सांगितलं नाही, चष्मेवाल्यांनाही नाही. जे दिसलं ते लिहायचं असा नियम आहे, आणि वाटाणे काही दिसले नव्हते, त्यांचं नसणं दिसलं होतं. अशी स्वतःची समजूत मी घालते. ती संध्याकाळपर्यंत टिकते.

माझं म्हणणं एकच आहे. तिथे मला विचारतील, आणि विचारलं तर मी खोटं बोलणार नाही. माझ्या आधी तुझी पाळी आहे. तू स्वतः सांग. माझ्या तोंडून ते बाहेर पडायला लावू नकोस, बाळा.

तुझी
ताई


३ मार्च

छोट्या,

उत्तर येणार नाही हे धरूनच चालले होते, तरी पोस्टमन दिसला की मी दारात काहीतरी काम काढते. आज त्याने स्वतःहून सांगितलं, "नाही हो बाई, तुमचं काही नाही." इतक्या प्रेमाने म्हणाला की मला त्याचाच राग आला.

परवा त्या ठाण्याच्या फळ्यापाशी पोराची आई भेटली. शाळेच्या बसमध्ये पोरांना चढवण्या-उतरवण्याचं काम करते ती. कामावरून घरी जाताना वाट वाकडी करून येते आणि आमचा तो कागद वाचते. कागद बदललेला नाही, तरी रोज वाचते. मी सहज शेजारी उभी राहिले. तिने ओळखलं.

"तुम्हीच ना त्या? साहेबांच्या बहीण?"

"हो."

"पोरगा अजून नीट चालत नाही. सायकलवर बसला, तर पायंडल मारता येईना. उतरून रडला. इतका मोठा झालाय, रडला." मग म्हणाली, "तुम्ही तिथं काय सांगणार?"

मी म्हटलं, "विचारतील ते."

"सगळं?"

बस आली म्हणून मी सुटले. बस माझी नव्हतीच. दोन थांबे गेल्यावर उतरून चालत परत आले.

घरी आल्यावर तुझी आठवण आली, ती साहेब-बिहेब म्हणून नाही. तुला ताप आला होता आणि आई कामावर होती, तेव्हा तू म्हणाला होतास, "ताई, तू दाराकडे नको बघू, माझ्याकडे बघ." हल्ली मी दिवसभर दाराकडेच बघत असते. घरात बोललेला आवाज माझाच असतो, आणि तोही बहुतेक गॅसला, नळाला, नाहीतर हरवलेल्या चपलेला उद्देशून. फार एकटं वाटतं रे. हे तुला कळावं म्हणून लिहीत नाही, दुसऱ्या कुणाला सांगता येत नाही म्हणून लिहिते.

तुझी
ताई


१२ मार्च

छोट्या,

म्हणजे तू पत्रं वाचतोस!

आज भावजयीचा फोन आला. आधी इकडचं तिकडचं, मग एकदम रडायला लागली. "ताई, वाटाण्यांचं तेवढं तिथे सांगू नका हो. त्यांची वर्दी जाईल. रात्रंदिवस घरात येरझारा घालतात, जेवत नाहीत, पोटच्या छकुलीशी बोलत नाहीत. मिशीने कबूल केलंय ना? मग तुम्हाला काय पडलंय?"

मी विचारलं, "हे त्याने सांगायला सांगितलं का?"

ती म्हणाली, "नाही. त्यांना कळलं तर मला जीवे मारतील." मग स्वतःच जीभ चावली. पोलिसाच्या बायकोने असं बोलायची सोय राहिलेली नाही, हे तिलाही जाणवलं असावं.

काय पडलंय मला? खरं सांगू, या प्रश्नाचं मोठं उत्तर माझ्याकडे नाही. आम्ही न कळवता जातो, म्हणून आत जे असेल ते दिसतं. एवढाच त्या योजनेचा जीव आहे. मी दिसलेलं गिळलं, तर मी आणि मिस्ड कॉल सारखेच. आणि ती बसवाली बाई रोज येऊन तो कागद वाचते.

मी भावजयीला म्हटलं, "तू जेव. त्याला पण जेवायला घाल."

परवा भेटू. भेटू म्हणजे एका खोलीत असू.

तुझी
ताई


१५ मार्च

छोट्या,

काल तू पार वाळलेला दिसलास. कॉलर मानेभोवती फिरत होती.

तुझी पाळी आधी होती. मी बाहेर बाकावर बसले होते, पण दार उघडं होतं, सगळं ऐकू येत होतं. तुला विचारलं, "पोराला खोलीत हलवल्याचं तुम्हाला माहीत होतं?" तू इतका वेळ घेतलास की मी मनातल्या मनात तुला ढकलत होते. शर्यतीत शेवटच्या वळणावर आलेल्या पोराला ढकलतात तसं. बोल, बोल, बोल. आणि तू म्हणालास, "मला या बाबतीत काही सांगायचं नाही."

नाही असंही म्हणाला नाहीस, हे माझ्या लक्षात आलं. पण तेवढ्याने माझी सुटका होत नव्हती.

मग मी. चौकशीच्या बाईंनी अहवाल पुढे ठेवला. "चौथं ताट कुणाचं, हे तुम्ही विचारलंत?"

"विचारलं. साहेब म्हणाले, माझं."

"तुम्हाला ते पटलं?"

बघ, इतका साधा प्रश्न. वाकडातिकडा असता, तर मी वाकडंतिकडं उत्तर दिलं असतं.

"नाही," मी म्हटलं. "त्या भाजीत वाटाणे होते. माझा भाऊ वाटाणे खात नाही. कडेला रांगेत लावून ठेवतो. त्या ताटात एकही नव्हता."

लोक हसले. मागच्या रांगेतला एक तर चांगला मोठ्याने हसला. पोराची आई हसली नाही. ती मांडीवरच्या पिशवीचे बंद घट्ट धरून बसली होती आणि माझ्याकडे बघत होती. बाईंनी हात वर केला आणि खोली शांत झाली. त्यांनी लिहून घेतलं: वाटाणे. असल्या कागदावर हा शब्द पहिल्यांदाच आला असेल.

नंतर त्यांनी तुला विचारलं, की तुम्हाला साक्षीदाराला काही विचारायचं आहे का? तुझा वकील मानेने नाही नाही म्हणत होता. तू उठलास.

"त्या दिवशी येण्याआधी तुम्ही मला कळवलं होतं का?"

तुम्ही. जन्मात पहिल्यांदा तू मला अहो-जाहो केलंस.

"नाही."

"त्याआधी कधी? फोन, निरोप, मिस्ड कॉल?"

"नाही. कधीच नाही."

"मी कळवायला सांगितलं होतं, तरीही?"

वकिलाने डोळे मिटले. मी म्हटलं, "तरीही नाही."

"मला एवढंच विचारायचं होतं," म्हणून तू बसलास.

मी जिना कसा उतरले आठवत नाही. पायरीवरचाच टोमणा तू मला भर लोकांत मारलास, असं वाटलं. कळवलं असतंस तर, कळवलं असतंस तर. मी सगळ्यांसमोर खरं बोलले, त्याची शिक्षा सगळ्यांसमोर. बाहेर चष्मेवाल्यांनी विचारलं, "चहा?" मी त्यांच्यावर खेकसले. त्यांनी निमूट दोन चहा घेतले आणि एक माझ्यासमोर ठेवला.

मला तुझा राग आलाय. हे पत्र मी टाकणार नव्हते, पण तुझ्यापासून काही लपवायची मला सवय नाही.

ताई


४ जून

छोट्या,

निकाल मी फळ्यावर वाचला. तुला दोन पायऱ्या खाली उतरवलं, ठाण्याचा कारभार पुन्हा नाही, आणि लांबच्या प्रशिक्षण केंद्रात भांडार सांभाळायला पाठवलंय. भावजय आणि छकुली सध्या तुझ्या सासुरवाडीलाच, म्हणजे तू तिथे एकटाच. पत्ता तिच्याकडून घेतला. मिशीवर कोर्टात खटला उभा राहतोय. त्या ठाण्यातल्या अडगळीच्या खोलीचं दार काढलं, आता तिथे जाळी आहे. कुठल्याही ठाण्यात कडी लावता येईल अशी आडबाजूची खोली ठेवायची नाही, असा हुकूमच निघालाय. पोरगा सायकल चालवायला लागला. आईने मला लांबून हात केला. जवळ आली नाही, मीही गेले नाही.

पण लिहायला बसले ते वेगळ्याच कारणाने.

निकालाबरोबर सुनावणीतली सगळी प्रश्नोत्तरंही फळ्यावर लावलीत, छापून, काचेच्या आत. मी ती कधी वाचणार नाही असं ठरवलं होतं. काल फेरीनंतर चष्मेवाले तिथे थांबले, कपाळावरचा चष्मा खाली घेतला आणि म्हणाले, "इथे या जरा." बोटाने दाखवलं. तुझे तीन प्रश्न होते. माझी तीन उत्तरं होती. आणि खाली बाईंचा शेरा होता, की ही भेट पूर्वसूचनेशिवायच झाली, हे खुद्द अधिकाऱ्याने स्वतःचं नुकसान करून नोंदवून घेतलं. सबब साक्षीदाराबद्दलच्या अफवांना आधार नाही.

मी ते परत परत वाचलं. काचेवर माझाच श्वास जमला, तो पुसून वाचलं.

वाण्याच्या दुकानातलं मी तुला पहिल्याच पत्रात लिहिलं होतं. तू ते लक्षात ठेवलंस. स्वतःबद्दल तुझ्या तोंडून एक शब्द निघाला नाही, पण माझ्यासाठी उठलास. मिस्ड कॉल तूच मागितला होतास, हेसुद्धा सांगून बसलास. ते कुणालाच माहीत नव्हतं. मी कधी सांगितलं नसतं.

आणि मी तुझ्यावर तीन महिने रागावून होते. चष्मेवाल्यांच्या चहाची पण माफी मागितली. ते म्हणाले, "कुठला चहा?"

वाण्याच्या दुकानात आता माझ्यासमोर कुणी काही बोलत नाही. ही शांतताही फारशी सोसवत नाही म्हणा. घरी कांदा चिरताना मी एकदम म्हटलं, "अरे, बोलायचं होतंस ना मला!" आणि मग आठवलं, की फोन तू उचलत नव्हतास आणि पत्राचं उत्तर द्यायला तुला कधीच जमलं नाही. शाळेतसुद्धा निबंध मीच लिहून द्यायचे.

तिथे जेवणाचं काय करतोस? भांडारातली माणसं बोलतात का तुझ्याशी?

तुझी
ताई


१० ऑगस्ट, रविवार

छोट्या,

आज दुपारी फोन वाजला. एकदाच. मी ओले हात पुसून पोचेपर्यंत बंद झाला होता. बघते तर तुझा नंबर.

फोन मांडीवर घेऊन बसून राहिले. खिशात दाबला गेला असेल. छकुलीला लावताना चुकून मला लागला असेल. चष्मेवाले दुकान बंद करून घरी चालले होते, त्यांना खिडकीतून हाक मारून सांगितलं. ते म्हणाले, "मग उलट लावा की." मी म्हटलं, "नाही. मिस्ड कॉलचा अर्थ काय असतो, ते त्याने मला शिकवलंय. मी येतोय, आवरून ठेव." ते हसले आणि गेले.

मग मी आवरायला घेतलं. खुर्चीवरचा कपड्यांचा ढीग उचलला, खाटेखाली सारला. औषधाच्या बाटल्या कपाटात टाकल्या. तुला न टाकलेली पत्रं उशीखाली ढकलली. होय, अशीही आहेत. रडून सुजलेल्या डोळ्यांवर पाणी मारलं. आणि आरशात बघताना मला ठाण्यातल्या खुर्च्या सरकल्याचा आवाज आठवला. "अरे, उचल उचल."

सगळं परत बाहेर काढलं. ढीग खुर्चीवर, बाटल्या टेबलावर, पत्रं त्यांच्या शेजारी. तुझी ताई कशी राहते ते तुला जसंच्या तसं दिसू दे. तू पण तसाच ये. दाढी करू नकोस, बरा आहे असं दाखवू नकोस, काय बोलायचं ते वाटेत ठरवू नकोस.

संध्याकाळ झाली, तू आलेला नाहीस. कदाचित उद्या येशील. कदाचित तो फोन खरंच खिशात दाबला गेला असेल. उद्या सकाळी हे पत्र टाकायला जाईन. त्याआधी घंटी वाजली तर हातातच देईन. दार उघडायला मी वेळ लावणार नाही.

ताटं दोन घेतली आहेत. नेहमीसारखाच स्वयंपाक केलाय, मुद्दाम काही बदललं नाही. भाजीत वाटाणे आहेत. तू ते कडेला रांगेत लावून ठेव. मी काही म्हणणार नाही.

तुझी
ताई